चाउडर: काटकसरीतून आलेली समृद्धी
अमेरिकेच्या ईशान्य किनाऱ्यावरील न्यू इंग्लंड प्रदेशात रुजलेले चाउडर, म्हणजे मासे किंवा शिंपल्या, बटाटे, कांदा आणि दूध यांचे दाट सूप, आज उपाहारगृहांत महाग मिळत असले, तरी मुळात ते खलाशांचे आणि मच्छीमारांचे साधे अन्न होते. बोस्टनच्या एका वृत्तपत्राने १७५१ मध्ये छापलेल्या कृतीत कांदा, डुकराचे मांस, मासे आणि जहाजावरची कडक बिस्किटे यांचे थर होते, दूध मात्र नव्हते. ही काटकसर आजच्या घरगुती स्वयंपाकातही साधता येते. पांढऱ्या माशांची स्वस्तात मिळणारी डोकी आणि काटे कल्ले काढून, स्वच्छ धुऊन मंद आचेवर सुमारे अर्धा तास शिजवले आणि ते पाणी गाळून घेतले, की सूपाचा पाया तयार होतो. त्यात कांद्यासह बटाट्याच्या फोडी शिजवून त्यांतील थोड्या ठेचल्या, तर बटाट्यातील पिष्टमय पदार्थ, म्हणजे स्टार्च, पाण्यात मिसळून सूपाला दाटपणा आणतो आणि महागड्या क्रीमची गरज उरत नाही. पोलॉकसारखा गोठवलेला मासा किंवा डब्यातील शिंपल्या त्यांच्या रसासह अखेरीस घालाव्यात, कारण जास्त शिजल्यास त्यांचे मांस चिवट होते. त्यानंतर गरम दूध ओतून सूप केवळ तापवावे, कारण खळखळून उकळल्यास दुधातील प्रथिने गोळा होऊन ते फुटते. उत्तम चाउडरला मोठ्या खर्चाहून क्रमाची आणि मंद आचेची जाण अधिक आवश्यक असते.