बोरीबंदरात बंदर कुठाय?

भाचा सात वर्षांचा आहे. सीएसएमटीसमोर उभं राहून मी त्याला सांगत होतो की या जागेचं जुनं नाव बोरीबंदर आणि १६ एप्रिल १८५३ रोजी इथूनच पहिली गाडी ठाण्याला गेली. त्याला गाडीत रस नव्हता. शाळेत मित्रांशी हिंदी बोलणारा मुलगा तो, ‘बंदर’ म्हटल्यावर स्टेशनाच्या दगडी नक्षीत माकड शोधायला लागला. दहा वर्षांची ताई हसली. “अरे, बंदर म्हणजे पोर्ट!” मग तिलाच प्रश्न पडला, “पण मामा, पोर्ट कुठाय?”

मी पूर्वेकडे बोट दाखवलं. तिकडे इमारती होत्या, ट्रक होते. पाणी कुठेच दिसत नव्हतं.

मुंबई बंदरामुळे मोठी झाली, हे आपण शाळेत घोकलेलं असतं. पण इथल्या बहुतेक मुलांनी बंदर पाहिलेलं नसतं. त्यांनी पाहिलेला समुद्र पश्चिमेचा, मरीन ड्राइव्ह आणि जुहूचा. भेळ, सूर्यास्त, फोटो, घरी. ज्या पाण्यावर या शहराचं पोट भरलं ते पूर्वेला आहे, आणि तिथे आपण मुलांना नेत नाही. नेऊ म्हटलं तरी सहज नेता येत नाही. बंदराच्या शहरात वाढणाऱ्या मुलाला बंदरापर्यंत चालत जाता येत नसेल, तर त्या शहराने ‘हेरिटेज’ हा शब्द जरा जपून वापरावा, असं माझं मत झालंय. या मतापर्यंत मी पुस्तकं वाचून आलो नाही. दोन रविवार दोन मुलांचे हात धरून चाललो, म्हणून आलो.

पहिला रविवार फोर्टात गेला. तिथे पैसे भरून केलेले हेरिटेज वॉक तुम्हीही पाहिले असतील. ही गॉथिक, ती निओक्लासिकल, हा अमुक साहेबाने बांधलेला सज्जा. सगळे माना वर करून बघतात, फोटो काढतात, पुढे जातात. आम्ही तशाच एका घोळक्याच्या मागे दहा मिनिटं चाललो. भाचा कंटाळून फुटपाथवरच बसला आणि मला ते पटलं. इमारतींच्या शैली पाठ करणं म्हणजे शहर समजणं नव्हे.

मुलं भलत्याच गोष्टी विचारतात. टाउन हॉलच्या, म्हणजे एशियाटिकच्या पायऱ्या किती, हे आधी मोजायचं. तीस आहेत. मग, “चर्चगेटला गेट कुठाय?” या एका प्रश्नात अख्खा तास गेला. फोर्ट नावाला खरोखरचा किल्ला होता, त्याला तट होता, तटाला दरवाजे होते. सेंट थॉमस कॅथेड्रलकडे नेणारा दरवाजा तो चर्चगेट. १८६०च्या दशकात गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्या काळात तो तट पाडला गेला, कारण शहर त्यात मावेना. दरवाजा गेला, नाव मात्र स्टेशनाला राहिलं.

मोठी माणसं जे आहे ते बघतात, मुलं जे नाही ते विचारतात. आणि जे नाही ते का नाही, हे सांगायला लागलं की इतिहास सुरू होतो. कुठल्याही गाइडने मला हे शिकवलं नव्हतं.

दुसऱ्या रविवारी आम्ही बंदर शोधायला निघालो. सीएसएमटीच्या मागून पी. डिमेलो रोडला लागलो. या रस्त्याचं जुनं नाव फ्रिअर रोड. तट पाडणाऱ्या त्याच गव्हर्नरचं नाव जाऊन रस्त्याला गोदी कामगारांच्या पुढाऱ्याचं नाव लागलं. मला हे नामांतर फार आवडतं. पण ज्या रस्त्याला गोदी कामगारांच्या नेत्याचं नाव आहे, त्या रस्त्यावरून गोदी दिसत नाही. दिसते ती भिंत. भिंतीत थोड्याथोड्या अंतराने फाटकं आहेत, ग्रीन गेट, यलो गेट, ऑरेंज गेट. रंगांची नावं ऐकून मुलं खूश झाली. एका फाटकाशी थांबून भाच्याने नुसतं आत डोकावलं, तर रखवालदार काका म्हणाले, “ए बाळा, मागे हो.” त्यांची काहीच चूक नाही. त्यांना तेच काम दिलंय. जुना तट पाडल्याचं कौतुक आपण करतो, पण त्यानंतर मैलोन्मैल नवा तट उभा राहिला, त्याबद्दल कुणी अवाक्षर काढत नाही.

त्या भिंतीशीच मी त्यांना १४ एप्रिल १९४४ची गोष्ट सांगितली. व्हिक्टोरिया डॉकमध्ये ‘फोर्ट स्टिकिन’ नावाचं जहाज उभं होतं. त्यात कापूस होता, शेकडो टन स्फोटकं होती आणि सोन्याच्या विटाही होत्या. आधी आग लागली, मग एकामागून एक दोन प्रचंड स्फोट झाले. सोन्याच्या विटा उडून शहरात पडल्या. शेकडो माणसं मेली, त्यांत आग विझवायला गेलेले ६६ अग्निशामक होते. “कापूस आणि बॉम्ब एकाच बोटीत कोण ठेवतं?” भाचीने विचारलं. युद्धाच्या घाईत ठेवतात, असं मी म्हणालो. तिला उत्तर पटलं नाही. पटू नयेच. दरवर्षी १४ एप्रिलला अग्निशमन दल त्यांची आठवण काढतं. आम्ही मात्र अशी भिंत बघत होतो जिच्यावर त्यातलं एक अक्षर नाही. तो डॉकही पुढे बुजवला गेला.

आता चालण्याबद्दल. त्या रस्त्याला फुटपाथ आहे असं कागदावर म्हणता येईल. सात वर्षांच्या मुलाच्या उंचीवरून त्यात ट्रकची चाकं, बाइकचे सायलेन्सर आणि उखडलेले पेव्हर ब्लॉक दिसतात. आपण मोठे सवयीने तिरके-तारके होऊन निभावतो, मुलाला ते जमत नाही. तो थांबतो आणि आपण त्याचा हात ओढतो. “चल लवकर” हे वाक्य त्या दिवशी मी किती वेळा म्हणालो, याची मला लाज वाटते. घाई त्याला नव्हती, मलाही नव्हती. रस्त्यालाच आमचं थांबणं नको होतं.

शेवटी मशीद स्टेशनला गाडी पकडली. हार्बर लाइन! मशीद, सँडहर्स्ट रोड, डॉकयार्ड रोड, रे रोड, कॉटन ग्रीन, शिवडी. गोदी, कापूस, गव्हर्नर, सगळं स्टेशनांच्या नावांत आहे. रोज लाखो लोक हार्बर लाइनने जातात आणि हार्बर न बघता घरी पोचतात. यावर आपण हसतसुद्धा नाही, इतकं ते अंगवळणी पडलंय.

डॉकयार्ड रोडला उतरून भाऊच्या धक्क्यावर गेलो, आणि पाणी दिसलं. लाँच, मासळीच्या टोपल्या, बर्फ, डिझेलचा वास, रेवसला निघालेली माणसं. भाचीने नाक दाबलं, मग सोडून दिलं. तिला मी सांगितलं की तुझ्या आजोबांचे वडील रत्नागिरीकडून बोटीने आले ते इथेच उतरले. रेल्वे कोकणात नव्हती, मुंबई कोकणी माणसाला या पाण्यातूनच भेटायची. १७ जुलै १९४७ला इथून रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट बुडाली आणि सहाशेहून अधिक माणसं गेली, तेही सांगितलं. ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, “मग आपण गेटवेलाच का जातो नेहमी?”

आता हरकती. गोदी ही कामाची जागा आहे, तिथे क्रेन चालतात, मुलं नेऊन काय करणार? २००८ला दहशतवादी समुद्रातूनच आले, हे विसरलात का? दोन्ही मुद्दे खरे आहेत आणि चालत्या धक्क्यावर मुलांना मोकळं सोडा असं कुणीच म्हणत नाही. पण पोर्टच्या ताब्यात सुमारे १८०० एकर जमीन आहे. त्या सगळ्या एकरांवर क्रेन चालत नाहीत. बंद गोदामं आहेत, पडीक आवारं आहेत. त्यातून पाण्यापर्यंत जाणारी एक सावलीची, सलग, राखण असलेली वाट काढणं सुरक्षेला झेपणार नाही, हे मला मान्य नाही. शिवडीहून निघणारा २१.८ किलोमीटरचा अटल सेतू याच खाडीवर उभा राहिला. त्याच्यावर दुचाकीलाही परवानगी नाही, मग चालणाऱ्याचं नाव कोण घेणार? पाण्यावर जाण्याची सोय आपल्याला करता येते. फक्त चारचाकी असावी लागते.

हे आत्ताच का बोलायचं? कारण त्या जमिनीचे आराखडे बरीच वर्षं निघताहेत. मरीना, क्रूझ टर्मिनल, बागा, व्यापारी संकुलं, चित्रं सुरेख असतात. असंच एकदा गिरण्यांच्या जमिनीबाबत झालं. १९९१च्या नियमांत एक तृतीयांश मोकळी जागा शहराला, एक तृतीयांश सार्वजनिक घरांना असा हिशेब होता. २००१ला नियम बदलला आणि वाटप फक्त रिकाम्या जमिनीपुरतं उरलं. २००६ला सर्वोच्च न्यायालयाने तो बदल कायम ठेवला. शहराच्या वाट्याला चिंधी आली आणि त्या जागी मॉल उभे राहिले. गिरणगावाबाहेरच्या मध्यमवर्गाने हळहळ केली ती उशिरा, कारण भिंतीपलीकडच्या त्या जमिनी त्याने कधी पाहिल्याच नव्हत्या. न पाहिलेली गोष्ट गेली तर तिची उणीव कुणाला भासणार?

म्हणून मला मुलांची काळजी वाटते, आणि त्याहून जास्त आपली. तुम्ही पंचवीस-तिशीतले असाल. मुलं नसतील, पण भाचे-पुतणे असतील, शेजारची पोरं असतील. रविवारी त्यांना मॉलमधल्या बॉलच्या हौदात तासाच्या हिशेबाने सोडण्याऐवजी हार्बर लाइनने डॉकयार्ड रोडला न्या. सकाळी लवकर निघा, पाण्याची बाटली आणि टोपी घ्या, दोन किलोमीटरच्या वर चालवू नका, ती थांबतील तिथे थांबा. गॉथिक नाही सांगितलं तरी चालेल. कुठे भिंत लागली, कुठे फुटपाथ संपला, कुठे “मागे हो” म्हटलं गेलं, ते घरी येऊन लिहून काढा. आराखड्यांवर हरकती-सूचना मागवतात तेव्हा तोच कागद पाठवा. त्यावर मुलांचे प्रश्न जसेच्या तसे लिहा.

आमच्या कागदावर पहिली ओळ भाच्याने स्वतः लिहिली आहे. ‘बोरीबंदर’मधला ‘री’ त्याने ऱ्हस्व काढलाय. मी सुधारलेला नाही.