शेजारचे बंद दार

लातूरच्या औसा रोडला किंवा नांदेडच्या भाग्यनगरात पहाटे फिरायला गेलात, तर शिकवणीला निघालेली मुले आपल्याला दिसतील. त्यांना निरोप देऊन दार लावून घेणारी आई मात्र सहसा नजरेस पडत नाही.

‘लातूर पॅटर्न’चा लौकिक ऐकून, अकरावी-बारावीची दोन वर्षे मुलासोबत भाड्याच्या खोलीत काढणाऱ्या माता या शहरांत पुष्कळ आहेत. पती गावी शेतीपाशी, मूल दिवसभर वर्गात आणि ती चार भिंतींत. गावी ओसरीवर बसले तरी येणारे-जाणारे बोलत. येथे घरमालकीण भेटली तर विचारते, ‘चाचणीत गुण किती पडले?’ ‘तुम्ही कशा आहात?’ असे कोणी विचारत नाही. मुलाचे चित्त विचलित होऊ नये म्हणून तीही हसतमुख राहते.

झोप उडणे, अन्नावरची वासना जाणे, वारंवार रडू येणे, कशातच मन न रमणे, हे दोन आठवडे टिकल्यास त्याला निव्वळ थकवा समजू नये. ती नैराश्याची लक्षणे असू शकतात आणि नैराश्यावर उपचार आहेत. शासनाच्या ‘टेलि-मानस’ सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर अहोरात्र, विनामूल्य आणि मराठीतून बोलता येते. जगणे नकोसे वाटू लागले, तर एक दिवसही थांबू नये.

आपण शेजारी असाल, तर आज सायंकाळी तिला चहाला बोलवा. गुणांचा विषय काढू नका. तिचे गाव, यंदाचे सोयाबीन यांविषयी विचारा आणि ऐकत राहा. ‘शुश्रूषा’ या शब्दाचा मूळ अर्थच ‘ऐकण्याची इच्छा’ असा आहे.