रेघ कुठे ओढली, ते विचारा

वकीलपत्रावर कोर्ट फीच्या तिकिटाशेजारी आणखी एक तिकीट लागतं, वकील कल्याण निधीचं. कारकून ते चिकटवतो, फाइल आत जाते, आणि पक्षकाराचंच काय, पुष्कळ वकिलांचंही त्याकडे लक्ष जात नाही. वकिलाला पगार नाही, प्रॉव्हिडंट फंड नाही, पेन्शन नाही. तालुक्याच्या कोर्टात उमेदीची सगळी वर्षं घालवलेला माणूस अचानक गेला, तर घरी उरतात कायद्याची पुस्तकं आणि पक्षकारांकडे थकलेली फी. अशा घराला आधार मिळावा म्हणून हा निधी आहे.

म्हणून वकिली करणाऱ्या प्रत्येकाला, आणि विशेषतः नव्याने सनद घेतलेल्या मुलामुलींना, कळकळीची विनंती आहे. सनद मिळाली म्हणजे निधीचे सभासद झालो, असं गृहीत धरू नका. अर्ज भरला आहे का, वर्गणी चालू आहे का, हे आजच तपासा. नामनिर्देशनाचा रकानाही उघडून पाहा. लग्नाआधी तिथे वडिलांचं नाव लिहिलेलं असतं, आणि पुढे वडील वारले, संसार झाला, तरी ते तसंच राहतं.

त्यानंतर पात्रतेच्या अटी वाचा. महाराष्ट्राचा कायदा १९८१ चा आहे. इतर अनेक राज्यांचे आपापले कायदे आहेत, आणि ज्यांचे नाहीत त्यांच्यासाठी केंद्राचा २००१ चा कायदा आहे. दुसऱ्या राज्यातल्या मित्राला मिळालं म्हणून आपल्यालाही मिळेल, असं होत नाही.

एखादी अट आपल्याला बाहेर ठेवते असं दिसलं, की पहिला शब्द तोंडी येतो तो ‘अन्याय’. पण राज्यघटनेचं कलम १४ सगळ्यांना एकाच मापाने मोजा, असं म्हणत नाही. वर्गवारी करायला मुभा आहे. मात्र ती करताना आत घेतलेल्या आणि बाहेर ठेवलेल्या लोकांत खरा फरक हवा, आणि त्या फरकाचा योजनेच्या हेतूशी संबंध हवा. सगळी लढाई या दुसऱ्या गोष्टीवर होते.

तमिळनाडू आणि बिहारच्या कायद्यांत अशी तरतूद होती, की सरकारी किंवा अन्य नोकरीतून निवृत्त होऊन पेन्शन, ग्रॅच्युइटी घेणाऱ्या वकिलांच्या वारसांना निधीतली एकरकमी मदत मिळणार नाही. एस. शेषाचलम यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये ती वैध ठरवली. ज्याचं घर फक्त वकिलीवर चालतं त्याच्यासाठी हा निधी आहे. निवृत्तीनंतर सनद घेणाऱ्यामागे आधीच्या नोकरीचा आधार असतो. मला हा निकाल पटतो. तरी तुटपुंजी ग्रॅच्युइटी घेऊन वकिलीत आलेल्या एखाद्या कारकुनाच्या विधवेचा विचार केला की मन अडतं. तिच्यासाठी कायद्यात सवलत ठेवणं हे विधिमंडळाचं काम आहे, आणि वकील संघटनांनी ते मागायला हवं.

दिल्लीत उलट घडलं. तिथल्या सरकारने वकिलांसाठी १० लाखांचा आयुर्विमा आणि कुटुंबासह ५ लाखांचा आरोग्यविमा देऊ केला, पण दिल्लीच्या मतदार यादीत नाव असण्याची अट घातली. नोएडा, गुरुग्रामला घर असलेले आणि रोज दिल्लीच्या कोर्टात उभे राहणारे शेकडो वकील त्यामुळे बाहेर पडले. जुलै २०२१ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाच्या न्या. प्रतिभा सिंग यांनी ही अट कलम १४ ला धरून नाही असं ठरवलं. वकील रात्री झोपायला कुठे जातो, याचा त्याच्या वकिलीशी काय संबंध? पेन्शनच्या अटीत हेतू दिसत होता, इथे तो दिसला नाही.

तेव्हा तुमचा किंवा तुमच्या घरातल्या वकिलाचा अर्ज फेटाळला गेला, तर आधी रागावू नका, पण गप्पही बसू नका. बार रूममधल्या ऐकीव उत्तरावर थांबू नका. नकार लेखी मागा, कोणत्या कलमाखाली दिला ते त्यात लिहून घ्या. मग त्या कलमासमोर निधीचा हेतू ठेवून पाहा. दोन्ही जुळत असतील तर याचिकेत पैसे आणि वर्षं घालवू नका. सरळ कायद्यात बदल मागा. जुळत नसतील तर राज्यघटनेच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालयात जा, आणि लवकर जा, कारण उशीर का केला हा प्रश्न तिथे विचारला जातो. आणि हा लेख वाचणाऱ्या वकिलाच्या घरच्या माणसांनो, सभासदत्वाची पावती घरात कुठे ठेवली आहे, एवढं आज त्यांना विचारून घ्या.