बंद झालेला खेळ आणि नवी वही

वस्तू बंद होणे म्हणजे काय, हे पिंपरी-चिंचवड आणि चाकणच्या पट्ट्यात राहणाऱ्यांना निराळे सांगावे लागत नाही. १९७२ साली बाजारात आलेली बजाजची चेतक स्कूटर मिळावी म्हणून लोक आगाऊ नोंदणी करून वर्षानुवर्षे थांबत. आकुर्डीची ती ओळख २००५ च्या सुमारास उत्पादनातून गेली. पुढे १६ ऑक्टोबर २०१९ रोजी तेच नाव विजेवर चालणाऱ्या नव्या वाहनाला देण्यात आले आणि ते चाकणच्या कारखान्यातून बाहेर पडू लागले. नाव जुने, परंतु आरंभ सर्वस्वी नवा! तळेगावचा जनरल मोटर्सचा कारखाना डिसेंबर २०२० मध्ये थांबला आणि जानेवारी २०२४ मध्ये ह्युंदाईच्या ताब्यात गेला. अशा प्रत्येक वेळी सुट्या भागांच्या व्यापाऱ्यापुढे एकच प्रश्न उभा राहतो: गोदामातील जुन्या मालापैकी भंगारात काय घालावे आणि जपून काय ठेवावे? कारण बंद झालेल्या वस्तूचा भाग एकदा हातचा गेला की तो पुन्हा मागवता येत नाही.

हाच प्रश्न या वेळी घरातून आला आहे, आणि तोही मुलांच्या खेळातून. चिंचवडच्या एका वाचक भगिनींनी विचारले आहे ते थोडक्यात असे. दुकान मुलांच्या हाती सोपवल्यावर त्यांचे सासरे दुपारच्या वेळी टॅबलेटवर पक्षी फेकून मनोरे पाडण्याचा तो प्रसिद्ध खेळ खेळत. गेल्या वर्षी ते निवर्तले. आता आठ वर्षांच्या नातवाला तोच खेळ पहिल्या टप्प्यापासून, सगळी कुलुपे बंद असताना, आपला आपण खेळायचा आहे. परंतु टॅबलेटवर आजोबांनी सर्व टप्पे पार केलेले आहेत, जवळजवळ प्रत्येक टप्प्यावर तीन तारे आहेत. हा खेळ आता दुकानात, म्हणजे प्ले स्टोअरवर, सापडत नाही. यजमान म्हणतात, खेळच तो, पुसून टाकावा. भगिनींचे मन धजत नाही. मुलाला नाही म्हणणेही त्यांना योग्य वाटत नाही.

वरवर क्षुल्लक वाटणाऱ्या या प्रश्नात दोन व्यवहार गुंतले आहेत. एक तंत्राचा आणि दुसरा मनाचा. तंत्राचा आधी पाहू, कारण त्यात घाई केली तर मनाच्या व्यवहाराला जागाच उरणार नाही.

प्रथम हा खेळ बंद झाला म्हणजे नेमके काय झाले? अँग्री बर्ड्स हा खेळ फिनलंडच्या रोव्हिओ कंपनीने डिसेंबर २००९ मध्ये आणला. २०१९ मध्ये मूळ आवृत्ती दुकानातून काढली गेली. चाहत्यांच्या आग्रहामुळे ३१ मार्च २०२२ रोजी ती नव्याने बांधून पुन्हा विक्रीस ठेवण्यात आली. आणि २३ फेब्रुवारी २०२३ रोजी अँड्रॉइडच्या दुकानातून तीही उतरवली गेली. मात्र ज्यांच्या यंत्रावर ती आधीच आहे त्यांना खेळता येईल, असे कंपनीने त्या वेळी स्पष्ट केले होते. म्हणजे येथे विक्री बंद झाली, खेळ बंद झाला नाही. तो टॅबलेटवर आहे तोवर आहे.

दुसऱ्या प्रकारात खेळ कंपनीच्या सर्व्हरवर चालतो. आपल्या हातातील यंत्र ही केवळ खिडकी असते. फार्मव्हिल हा शेतीचा खेळ २००९ पासून फेसबुकवर लाखो लोक खेळत होते. ३१ डिसेंबर २०२० रोजी तो थांबला आणि त्याबरोबर प्रत्येकाचे शेत, गोठा, पीक सारे गेले. तेथे पुन्हा आरंभ करण्याचा प्रश्नच उरला नाही, कारण पाटीच काढून नेली होती.

तिसऱ्या प्रकाराचा अनुभव आपल्याकडील बहुतेक घरांना आहे. केंद्र सरकारने २ सप्टेंबर २०२० रोजी ११८ ॲपवर बंदी घातली, त्यांत पबजी मोबाईल होता. ३० ऑक्टोबरला भारतातील त्याची सेवा थांबली. २ जुलै २०२१ रोजी त्याच खेळाची भारतासाठीची आवृत्ती बीजीएमआय या नावाने आली. तेव्हा कंपनीने मुलांपुढे दोन वाटा ठेवल्या: जुन्या खात्यातील कमाई नव्या खेळात ओढून आणा, किंवा शून्यापासून खेळा. ही ओढून आणण्याची सोय ३१ डिसेंबर २०२१ पर्यंतच होती. पुढे २८ जुलै २०२२ रोजी हा खेळही दुकानांतून हटवला गेला आणि मे २०२३ मध्ये परतला. ज्या मुलांनी पोशाख आणि शस्त्रे यांवर वडिलांच्या कार्डाने पैसे खर्च केले होते, त्यांना या काळात एक धडा मिळाला: आपण वस्तू विकत घेतलेली नसते, वापरण्याची परवानगी घेतलेली असते. हीच गोष्ट ग्राहकाला विक्रीपूर्वी स्पष्ट सांगावी, असा कायदा अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्यात १ जानेवारी २०२५ पासून लागू आहे. युबिसॉफ्ट कंपनीने द क्रू हा खेळ ३१ मार्च २०२४ रोजी बंद केल्यावर युरोपात ग्राहकांची मोठी चळवळ उभी राहिली आणि जुलै २०२५ मध्ये तिच्या निवेदनावरील सह्या दहा लाखांच्या पुढे गेल्या. मागणी इतकीच की विकलेला खेळ बंद करताना तो चालण्याजोगा ठेवून बंद करावा.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. टॅबलेटवरील प्रगती पुसून नव्याने आरंभ करायचा झाल्यास काय करावे, आणि त्याहून महत्त्वाचे, काय करू नये?

खेळ काढून टाकून पुन्हा उतरवून घ्यावा, हा नेहमीचा सल्ला येथे घातक ठरू शकतो. दुकानातून गेलेला खेळ पुन्हा उतरेलच याची खात्री नाही. शिवाय तो उतरला, तरी जुनी प्रगती परत येण्याची शक्यता असते; कारण अँड्रॉइड अनेक ॲपची माहिती गुगल खात्यात आपोआप जपून ठेवते आणि ॲप पुन्हा घेतल्यावर ती परत भरते. म्हणजे एका बाजूने खेळ गमावण्याची भीती, दुसऱ्या बाजूने पुसल्याचा उपयोग नाही.

योग्य मार्ग असा की खेळ न काढता केवळ त्यातील नोंद पुसावी. प्रथम खेळाच्या स्वतःच्या सेटिंग्जमध्ये पुन्हा आरंभ करण्याची सोय आहे का ते पाहावे. नसल्यास यंत्राच्या सेटिंग्जमध्ये ॲपच्या यादीतून तो खेळ निवडावा आणि स्टोरेज या भागात जावे. तेथे दोन बटणे दिसतात. क्लिअर कॅशे या बटणाने केवळ तात्पुरत्या फाइली जातात, प्रगती जात नाही. क्लिअर डेटा किंवा क्लिअर स्टोरेज या बटणाने प्रगती जाते. खेळ गुगल प्ले गेम्सशी जोडलेला असेल तर त्याची एक प्रत तेथेही असू शकते; ती तेथील सेटिंग्जमधून वेगळी पुसावी लागते, अन्यथा पुसलेले तारे दुसऱ्या दिवशी पुन्हा उगवतात.

परंतु येथे एक सावधगिरी हवी. काही खेळ उतरवताना आकाराने लहान असतात आणि पहिल्यांदा उघडल्यावर उर्वरित चित्रे व टप्पे कंपनीच्या सर्व्हरवरून आणतात. क्लिअर डेटा केल्यावर हा मालही पुसला जाऊ शकतो. कंपनीने सर्व्हर बंद केला असेल तर खेळ पुन्हा माल मागतो, आणि देणारे कोणी नसल्याने पहिल्याच पडद्यावर अडकून राहतो. म्हणून प्रथम जालजोडणी बंद करून खेळ चालतो का ते पाहावे. आणि सेटिंग्जमध्ये त्या खेळाचा डेटा किती आहे तेही पाहावे. तो शेकडो एमबी असेल तर हात आवरावा. त्यात केवळ ताऱ्यांची नोंद नाही, माल आहे, असे समजावे.

आयफोन किंवा आयपॅड असणाऱ्यांनी आणखी एक पाहावे. न वापरलेली ॲप आपोआप उतरवून ठेवण्याची, म्हणजे ऑफलोडची, सोय त्यात असते. ती चालू असेल तर जागा कमी पडताच यंत्र खेळ काढून माहिती तेवढी ठेवते, आणि खेळ दुकानात नसेल तर ती माहिती कुलूप हरवलेल्या किल्लीसारखी पडून राहते. अँड्रॉइडवरही न वापरलेली ॲप अशाच रीतीने आवरून ठेवण्याची सोय प्ले स्टोअरच्या सेटिंग्जमध्ये आहे. बंद झालेला खेळ जपायचा असेल तर या दोन्ही सोयी बंद ठेवाव्यात. आणि जुना टॅबलेट बदल्यात देताना किंवा दुरुस्तीस टाकताना तो पूर्ण पुसण्यापूर्वी घरातील सर्वांना एकदा विचारावे.

हे झाले तंत्र. आता मनाचा व्यवहार.

यजमानांचे म्हणणे अगदी चूक नाही. तारे म्हणजे माणूस नव्हे, आणि वस्तूला इतके धरून बसणे योग्य नाही, ही शिकवण आपल्या घरांत लहानपणापासून मिळते. परंतु धरून बसणे निराळे आणि नोंद ठेवणे निराळे. दिवाळीला नवी वही घालताना आपण जुनी वही जाळत नाही. शेवटची शिल्लक पुढे ओढतो, जुनी वही कापडात बांधून माळ्यावर ठेवतो आणि मग नव्या पानावर कुंकू लावतो. जीएसटीच्या कायद्याप्रमाणे हिशेब वार्षिक विवरणपत्राच्या अंतिम तारखेपासून ७२ महिने जपावे लागतात. कंपन्यांना आठ आर्थिक वर्षे. १ एप्रिल २०२३ पासून कंपन्यांच्या हिशेबाच्या सॉफ्टवेअरमध्ये प्रत्येक फेरबदलाची न पुसता येणारी नोंद राहावी, असाही नियम आहे. व्यापारात चूक दुरुस्त करण्याची रीत खोडणे ही नव्हे, उलट नोंद घालणे ही आहे. मग घरातच खोडण्याची घाई कशासाठी?

म्हणून सुचवावेसे वाटते ते असे. आधी टप्प्यांच्या प्रत्येक पानाचे चित्र टिपून घ्यावे. टॅबलेटचे दोन बटण दाबून हे होते, आणि सर्व पानांचे मिळून फार तर पंधरा मिनिटे लागतात. ही चित्रे कुटुंबाच्या छायाचित्रांत ठेवावीत. मग मुलाला जवळ बसवून आजोबांनी कोणता टप्पा कसा सोडवला असेल ते पाहावे. जेथे तीन तारे नाहीत असे टप्पे मुद्दाम शोधावेत, कारण तेथे आजोबा अडले होते, आणि मुलाला ते कळण्यासारखे आहे. त्यानंतर त्याला विचारावे की पुसायचे का, की पहिल्या टप्प्यापासून खेळत जाऊन आपले गुण एका वहीत स्वतः लिहायचे. अशा खेळांत पार केलेला टप्पा पुन्हा खेळता येतो. कुलूप उघडण्याची मौज तेवढी मिळणार नाही, हे त्याला प्रामाणिकपणे सांगावे.

टॅबलेटवर दुसरे वापरकर्ता खाते उघडण्याचाही एक मार्ग आहे. अँड्रॉइडच्या अनेक टॅबलेटवर ही सोय असते आणि प्रत्येक खात्यातील खेळाची नोंद स्वतंत्र राहते. मात्र दुकानातून उतरवलेला खेळ त्या नव्या खात्यात मिळेलच असे नाही. मिळाला तर प्रश्न सुटला: दोन गादीधारक, दोन वह्या. प्रयत्न करून पाहण्यात काहीच जात नाही.

आणि एवढे करूनही मुलाला कोरी पाटीच हवी असेल, तर चित्रे घेतल्यावर, वरील दोन्ही तपासण्या झाल्यावर, घरातील मोठ्यांच्या संमतीने ती त्याला द्यावी. बटण त्यानेच दाबावे. पुसलेले परत येत नाही, हे त्याला दाबण्यापूर्वी माहीत असावे आणि दाबल्यानंतर कोणी त्याला बोल लावू नये. आठव्या वर्षी एवढा निर्णय विचारपूर्वक घेणारा मुलगा उद्या गल्ल्यावर बसला तरी कच्चे काम करणार नाही.

या निमित्ताने प्रत्येक घराने आणखी एक काम करावे. आपल्याकडे बंद झालेल्या किती गोष्टी अजून चालू आहेत त्याची एक यादी करावी. दुकानातील जुन्या संगणकावरचा बिलाचा प्रोग्राम, ज्याचा बनवणारा आता फोन उचलत नाही, विंडोज १०, ज्याचा नियमित आधार १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला, आईच्या जुन्या फोनमधील ध्वनिमुद्रणे, मुलांचे खेळ. प्रत्येकापुढे लिहावे: नोंद कोठे आहे, यंत्रावर की कंपनीच्या सर्व्हरवर, दुसरी प्रत आहे का, आणि पुसण्याचा अधिकार कोणाचा. सुट्या भागांचे गोदाम आपण वर्षातून एकदा मोजतो. हेही एकदा मोजून ठेवावे.