जमीन गेली, मोबदला मिळाला; पण पूर्ण मिळाला का?

नागपूर-हैदराबाद रस्ता, म्हणजे जुना राष्ट्रीय महामार्ग ७ आणि आजचा ४४, केळापूर तालुक्यातून जातो. देवधरी-केळापूर आणि केळापूर-पिंपळखुटी हे टप्पे चौपदरी झाले, तेव्हा रस्त्याकाठची कापसाची शेतं गेली. आता शक्तिपीठ महामार्गाच्या आखणीतही यवतमाळ जिल्ह्याचं नाव आहे. म्हणून मोबदल्याच्या कोर्टकचेरीचा हिशोब आपण वेळीच समजून घेतला पाहिजे.

पहिली गोष्ट अशी की, एकाच गावातल्या दोन शेतकऱ्यांना न्यायाची दारं वेगळी मिळतात. जुन्या १८९४ च्या कायद्याखाली तलावासाठी जमीन गेली असेल, तर वाढीव मोबदल्याचं प्रकरण दिवाणी न्यायालयात चालतं. तिथे साक्षीपुरावे होतात, शेजारची खरेदीखतं दाखवता येतात. १ जानेवारी २०१४ पासूनच्या नव्या कायद्यात ते प्राधिकरणाकडे जातं. महामार्गासाठी जमीन गेली, तर मात्र केंद्र सरकारनं नेमलेल्या लवादाकडे जावं लागतं आणि हा लवाद बहुधा महसूल खात्याचाच अधिकारी असतो. लवादानं कमी रक्कम दिली तर न्यायालय निवाडा रद्द करू शकतं, आकडा वाढवून देऊ शकत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं जुलै २०२१ मध्ये सांगितलं. एप्रिल २०२५ मध्ये घटनापीठानं निवाड्यात मर्यादित बदलाची मुभा दिली, तरी वाट अजून अरुंदच आहे.

महामार्गवाल्यांवर आणखी एक अन्याय होता. इतर प्रकल्पात बाजारभावावर ३० टक्के दिलासा रक्कम मिळायची, उशिराच्या पैशावर पहिल्या वर्षी ९ आणि पुढे १५ टक्के व्याज मिळायचं. महामार्ग कायद्यात १९९७ नंतर दिलासा रक्कम बंद झाली आणि १५ टक्के व्याजही मिळेनासं झालं. सप्टेंबर २०१९ मध्ये तरसेम सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं हा भेदभाव घटनाबाह्य ठरवला. जमीन कशासाठी घेतली यावरून शेतकऱ्यात फरक करता येणार नाही, हा त्याचा गाभा. हा निकाल पुढच्याच प्रकरणांना लावा, अशी मागणी महामार्ग प्राधिकरणानं केली. ४ फेब्रुवारी २०२५ रोजी न्यायालयानं ती फेटाळली. तिजोरीवर बोजा पडेल, हे कारण चाललं नाही. २०१५ पूर्वी रस्त्यात जमीन गेलेल्या आपल्या घरांनी जुना निवाडा पेटीतून काढून वकिलाला दाखवावा, तो याचसाठी. प्रत्येकाला पैसे मिळतीलच असं नाही. प्रकरण कधी आणि कुठे थांबलं, यावर ते ठरेल.

दुसरी गोष्ट भावाची. परभणी जिल्ह्यातल्या जिंतूरच्या औद्योगिक वसाहतीसाठी गेलेल्या जमिनीला एकरी ३२,००० रुपये दर ठरला होता. जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो ५८,३२० केला. आसपासचे व्यवहार खरे असतील, तर त्यातला सगळ्यात जास्त भावाचा व्यवहार धरायला हवा. सरसकट सरासरी काढून शेतकऱ्याचं नुकसान करू नये, असं न्यायालयानं म्हटलं. पण या न्यायासाठी तीस वर्षं गेली!

इथे आपल्यालाही एक प्रश्न विचारायचाय. स्टँप ड्युटी वाचवायला खरेदीखतात कमी रक्कम लिहिली जाते. उद्या भूसंपादन आलं की तेच कागद सरकारच्या हातात पुरावा होतात, आणि चार पैशांच्या बचतीपायी अख्ख्या शिवाराचा भाव पडतो.

तिसरी गोष्ट मुदतीची. मोबदला घेताना तो 'हरकत राखून' घेतल्याचं लेखी द्यावं लागतं. गुपचूप सही करून चेक उचलला, तर वाढीव रकमेचा अर्ज करण्याचा हक्क जातो. निवाड्याच्या वेळी हजर असाल तर अर्जाला फक्त सहा आठवडे मिळतात. हजर नसाल तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यातली जी मुदत आधी संपेल ती. ज्यांनी अर्जच केला नाही, त्यांनाही एक दार उघडं असतं. त्याच अधिसूचनेतल्या शेजाऱ्याचा मोबदला न्यायालयानं वाढवला, तर निकालापासून तीन महिन्यांत तोच दर मागता येतो. जुन्या कायद्यात हे कलम २८-अ, नव्यात ७३. गावात कुणाचा निकाल लागला हे म्हणूनच सगळ्यांना कळलं पाहिजे.

चौथी गोष्ट घरातली. अब्बांचं इंतकाल होऊन वर्षं झाली तरी सातबारावर त्यांचंच नाव, किंवा फेरफारात फक्त भावांची नावं, हे आपल्याकडे सर्रास दिसतं. मग निवाडा झाला की वाटणीचा वाद उभा राहतो आणि पैसे न्यायालयात जमा होऊन पडून राहतात. मिरासमध्ये आई, बायको, बहिणी, मुली यांचा हिस्सा ठरलेला आहे. तो आधीच नोंदवला तर हक्कही अदा होतो आणि पैसाही अडकत नाही. कब्रस्तान, ईदगाह किंवा दर्ग्याची वक्फ जमीन जात असेल, तर नोटीस वक्फ मंडळाला गेली की नाही हे मुतवल्लींनी तपासावं. तो मोबदला कुणा एकाचा नाही, ती अमानत आहे.

केळापूर असो की आर्णी, प्रत्येक जमातीत दोन-चार शिकलेली मुलं असतातच. नोटीस आली की ती वाचून तारीख लिहून ठेवायची आणि घराघरात सांगायची, एवढी जबाबदारी त्यांनी घ्यावी. वकील नंतरही मिळतो, गेलेली मुदत मिळत नाही.