६० दिवसांची बंदी

मराठी विभागासाठी लिही असं सांगितलं तेव्हा मला घामच फुटला. पहिली ते दहावी माझं शिक्षण कॉन्व्हेंटमध्ये झालं. मराठी फक्त घरात आणि आता मेसच्या रांगेत. त्यामुळे शुद्धलेखनाच्या चुका पोटात घाला. पण हा विषय इंग्रजीत लिहून चालणार नाही. का, ते पुढे कळेलच.

आमचं गाव वाशिम जिल्ह्यात, मानोरा तालुक्यात. यवतमाळ जिल्हा आम्हाला लागूनच. शेतात सोयाबीन, तूर आणि थोडा कापूस. गणपतीच्या सुट्टीत घरी गेले होते. आमच्याकडे फवारणीला येणारे काका बांधावर बसून औषध कालवत होते. मला बघून त्यांनी डब्यासोबतची घडी केलेली चिठ्ठी पुढे केली. "पोरी, तू त कॉन्व्हेंटात शिकली ना? वाच बरं, काय लिवलं हाये याच्यावर."

चिठ्ठीत मराठीही होतं, पण मुंगीच्या पायाएवढ्या अक्षरात. मी आपलं इंग्रजी वाचलं, अगदी फाडफाड. उताऱ्याच्या रकान्यात लिहिलं होतं, 'नो स्पेसिफिक अँटिडोट'. काकांनी विचारलं, "म्हंजे?" मी म्हटलं, "म्हणजे पोटात किंवा अंगात गेलं तर त्यावर नेमका उतारा नाही." ते हसले. "मंग वाचूनच काय फायदा?" आणि पंप पाठीवर घेऊन कापसात शिरले. अंगात बनियन, तोंडाला दुपट्टा. बाबांनी आणलेलं सेफ्टी किट गोठ्यात खुंटीला लटकत होतं. मी त्यांना थांबवलं नाही, हे इथे कबूल करते.

२०१७ साली आमच्या शेजारच्या यवतमाळ जिल्ह्यात काय झालं ते तुमच्यापैकी बऱ्याच जणांना आठवत असेल. त्या हंगामात कापसावर फवारणी करताना विषबाधा होऊन २० हून जास्त शेतकरी आणि शेतमजूर गेले. शेकडो लोक यवतमाळच्या वसंतराव नाईक शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात भरती झाले. कित्येकांची नजर गेली होती, काही दिवसांनी ती परत आली. कपाशी डोक्याच्या वर वाढलेली, औषधाचा फवारा अंगावरच पडणारा, बॅटरीच्या पंपाचा जोर जास्त, आणि दोन-तीन औषधं एकत्र कालवलेली. सरकारने चौकशीसाठी विशेष पथक नेमलं. मृतांच्या घरच्यांना दोन-दोन लाख जाहीर झाले. पण चावडीपासून टीव्हीपर्यंत एक वाक्य सतत ऐकू यायचं, "त्यांनी किट घातलं नव्हतं ना!"

आता आपण इंजिनीअरिंगवाले. इंडस्ट्रियल सेफ्टीच्या युनिटमध्ये आपण काय शिकतो? पहिलं, धोकाच काढून टाका. ते जमत नसेल तर कमी धोक्याची वस्तू वापरा. मग मशीनला गार्ड बसवा, मग कामाची पद्धत बदला. आणि सगळ्यात शेवटी हेल्मेट, ग्लोव्हज, मास्क. वायव्हाला ग्लोव्हज पहिले सांगणाऱ्याला सर काय म्हणतात ते आपल्याला माहीत आहे. मग हाच नियम शेतात उलटा कसा होतो? ऑक्टोबरच्या उन्हात प्लॅस्टिकचा कोट घालून पाठीवर १६ लिटरचा पंप वाहून बघा. जागतिक आरोग्य संघटना आणि अन्न व कृषी संघटनेच्या आचारसंहितेत तर स्पष्टच म्हटलंय, की ज्या औषधासाठी त्रासदायक किंवा महाग किट लागतं, ते उष्ण प्रदेशातल्या छोट्या शेतकऱ्यांच्या आणि मजुरांच्या हाती देणं टाळावं. म्हणजे किट न घालणारा माणूस चुकला असं म्हणण्याआधी, ते औषध त्याच्या हातात कोणी दिलं हे विचारायला हवं.

ते देतो कायदा. १९५८ साली केरळात पॅराथिऑन मिसळलेलं गव्हाचं पीठ खाऊन शंभरावर माणसं दगावली. त्यानंतर १९६८ चा कीटकनाशक कायदा आला. या कायद्यात औषधाची नोंदणी करणं किंवा ती रद्द करणं हे दिल्लीच्या हातात. राज्याला काय? कलम २७ प्रमाणे चौकशी होईपर्यंत ६० दिवस विक्री थांबवता येते, फार तर ३० दिवस आणखी. बस्स! शिवाय विषबाधा झालेल्या मजुराला भरपाई मिळावी अशी तरतूदच या कायद्यात नाही.

नोव्हेंबर २०१७ मध्ये महाराष्ट्र सरकारने पाच औषधांवर ६० दिवसांची बंदी घातली. यवतमाळ, अकोला, अमरावती, बुलढाणा आणि आपला वाशिम अशा पाच जिल्ह्यांत. यादीत मोनोक्रोटोफॉस आणि डायफेन्थियुरॉन दोन्ही होते. पण नोव्हेंबरमध्ये कापूस वेचायला येतो! ज्या महिन्यांत माणसं मेली ते महिने केव्हाच निघून गेले होते. वरातीमागून घोडं म्हणतात ते हेच.

हेच कलम वेळेवरही वापरता येतं. २०२२ साली पंजाब सरकारने ऐन हंगामात, ऑगस्टमध्येच, बासमतीसाठी १० कीटकनाशकांवर ६० दिवसांची बंदी घातली. कारण परदेशी गिऱ्हाईक औषधाचे अंश असलेला तांदूळ परत पाठवतं. म्हणजे तांदळासाठी कायदा आधी धावतो आणि मजुरासाठी नंतर.

मोनोक्रोटोफॉसचंच घ्या. भाजीपाल्यावर त्याला २००५ पासून मनाई. २०१३ मध्ये बिहारच्या गंडामन गावात शाळेच्या जेवणात ते गेलं आणि २३ मुलं दगावली. २०१७ ला यवतमाळ. त्याच्या ३६ टक्के द्रावणाची नोंदणी रद्द करण्याचा आदेश निघाला २०२३ मध्ये, तोही उरलेला माल खपवायला मुदत देऊन. दरम्यान २००८ आणि २०२० मध्ये नव्या कायद्याची विधेयकं राज्यसभेत आली, पण दोन्हींचा कायदा झाला नाही.

बाबांशी मी यावर भांडले. ते म्हणाले, "नाही फवारलं त घरात काय येईन? तुझ्या हॉस्टेलची फी कुठून भरू?" त्यांचंही खोटं नाही. कृषी केंद्रात उधारी असते, दुकानदार जो डबा देईल तो मुकाट्याने घ्यावा लागतो. म्हणून फवारणी बंद करा असं मी म्हणत नाही. जे औषध बनियन घातलेल्या माणसाच्या हातात सुरक्षित नाही, ते बाजारात येऊ नये, एवढंच म्हणते. राज्याला ६० दिवसांपेक्षा मोठा अधिकार हवा आणि मजुराच्या भरपाईचं कलम कायद्यात हवं.

आणि थोडं आपल्याकडेही. फायनल इयरला आपण तेच ते प्रोजेक्ट सिनिअर्सकडून उचलतो. त्याऐवजी फवारा अंगावर न उडणारा नोझल, हात न लावता औषध कालवायची टाकी, असं काही का करू नये? मी तरी पुढच्या वर्षी हाच विषय घेणार आहे. काकांनी विचारलेल्या प्रश्नाला तेव्हा माझ्याकडे उत्तर नव्हतं. कोणाला सोबत यायचं असेल तर लेडीज हॉस्टेलच्या नोटीस बोर्डावर चिठ्ठी लावा. अक्षर मात्र मोठं काढा!

— तृतीय वर्ष, यंत्र अभियांत्रिकी