आयत्या बिळावर नागोबा?



चित्रपट दिग्दर्शक बिल मॉरिसन म्हणजे ‘आयत्या बिळावर नागोबा’, हे गेल्या अंकातील पत्रलेखकाचे मत पटले नाही. मॉरिसन यांचा, जुन्या फिल्मच्या तुकड्यांतून रचलेला ‘डिकेशिया’ (२००२) हा चित्रपट त्या पत्रलेखकाने पाहिला आहे का? त्यात एक मुष्टियोद्धा ठोसे मारतो. त्याच्या समोरचा नायट्रेट फिल्मचा भाग कुजल्यामुळे तो जणू एका खदखदत्या डागाशीच झुंजतो. मूळ कॅमेरामनच्या हे स्वप्नातही नसणार! जुन्या फिल्मच्या ढिगाऱ्यातून नेमका तोच तुकडा हेरायला नजर लागते. चित्रपटातील मायकेल गॉर्डन यांचे संगीत कर्कश आहे, हे मात्र मान्य. मलाही ते सोसले नाही. पुढे कॅनडातील डॉसन सिटीत १९७८ साली जमिनीखालून निघालेल्या रिळांवरही मॉरिसन यांनी चित्रपट केला. ती रिळे पुरलेलीच बरी होती काय?

– एक वाचक, पुणे